राष्ट्रीय महामार्ग ३६१ : एका नोंदीचे पुनर्मूल्यांकन

मागे बसलेल्यांपर्यंत आवाज पोचतोय ना? बरं. आज आपण लोह्यात बसलो आहोत आणि आजचा विषयही इथून हाकेच्या अंतरावरून जातो. बाहेर हॉर्न वाजला की विषयानेच दाद दिली असे समजा.

सुरुवात एका कबुलीने करतो. दोन वर्षांपूर्वी याच व्याख्यानमालेत 'माहिती आणि ज्ञान' यावर बोलताना आम्ही एका नोंदीची थट्टा केली होती. इंग्रजी विकिपीडियावरची, राष्ट्रीय महामार्ग ३६१ या रस्त्यावरची ती नोंद. आम्ही म्हणालो होतो की या नोंदीपेक्षा एसटीच्या कपाळावरची पाटी जास्त सांगते. पाटीवर निदान 'मार्गे' तरी लिहिलेले असते. सभागृह हसले. आम्हीही हसलो. त्याचे शब्दांकन अजून तसेच आहे, कुणालाही वाचता येईल.

पुढे आमच्या एका जुन्या विद्यार्थ्याचा फोन आला. तोही आता शिकवतो. म्हणाला, "सर, हसू आलं खरं, पण तुम्ही ती नोंद कोणत्या निकषावर नापास केली, ते काही कळलं नाही. आम्हाला तर तुम्ही निकष आधी सांगायला लावायचात." आम्ही थोडे खाकरलो, विषय बदलला, फोन ठेवला. पण रात्री झोप येईना. चाळीस वर्षे प्रमाणशास्त्र शिकवलेल्या माणसाला विद्यार्थी विचारतो की तुमचे प्रमाण कोणते, आणि माणूस विषय बदलतो! तेव्हा आजचे व्याख्यान म्हणजे त्या फोनला दिलेले उशिराचे उत्तर आहे.

आधी त्या नोंदीत काय आहे ते पाहू. फार वेळ लागणार नाही, कारण तिच्यात फार काही नाहीच. हा भारतातला एक राष्ट्रीय महामार्ग आहे. तो महामार्ग ६१चा दुय्यम मार्ग आहे. तो महाराष्ट्रातून जातो. मग गावांची माळ: तुळजापूर, औसा, लातूर, चाकूर, अहमदपूर, लोहा, नांदेड, अर्धापूर, हदगाव, उमरखेड, महागाव, आर्णी, यवतमाळ, कळंब, वर्धा, बुटीबोरी. मग कुठल्या महामार्गाला कुठे मिळतो ते. खाली दोन-चार संदर्भ, बहुतेक सरकारी. संपली नोंद. लोहा या गावाच्या वाट्याला तिच्यात बरोबर एक शब्द आला आहे, आणि तो म्हणजे 'लोहा'.

विकिपीडियावर नोंदींना दर्जा देण्याची एक पद्धत आहे. अगदी खाली 'स्टब', म्हणजे खुंट. झाड तोडल्यावर उरतो तो नव्हे. हा अजून वाढायचा असलेला खुंट. मग पायऱ्या चढत चढत 'चांगला लेख' आणि सगळ्यात वर 'निवडक लेख'. चांगल्या लेखाला सहा कसोट्या लावतात: लिहिला नीट आहे का, पडताळता येतो का, विषयाची व्याप्ती धरतो का, निःपक्षपाती आहे का, रोज त्याच्यावर मारामाऱ्या तर चालत नाहीत ना, आणि योग्य ती चित्रे आहेत का. गंमत अशी की एकदा मिळालेला दर्जा कायमचा नसतो. कुणीही उठून म्हणू शकतो की हा लेख पुन्हा तपासा. रस्त्यांच्या लेखांवर ही वेळ फार येते, कारण रस्ता स्वतःच गप्प बसत नाही. दोनपदरीचा चौपदरी होतो, गावाबाहेरून वळसा घेतो, नंबर बदलतो. लेख आहे तिथेच राहतो आणि त्याच्या पायाखालून रस्ता निघून जातो.

आम्हाला मात्र त्या सहा कसोट्या लावायच्या नाहीत. आपल्या घरच्या कसोट्या आहेत, त्या लावू. शास्त्रकारांनी सांगितले आहे की एखाद्या वस्तूचे लक्षण सांगताना तीन दोष टाळावेत: अतिव्याप्ती, अव्याप्ती आणि असंभव. गायीचे लक्षण 'शिंगे असलेला प्राणी' असे केले तर त्यात म्हैसही शिरते, ती अतिव्याप्ती. 'पांढरा प्राणी' म्हटले तर कपिला गाय बाहेर राहते, ती अव्याप्ती. 'एका खुराचा प्राणी' म्हटले तर एकही गाय सापडत नाही, तो असंभव.

आता आपली नोंद घ्या. 'महाराष्ट्रातून जाणारा एक राष्ट्रीय महामार्ग' ही उघड अतिव्याप्ती. असे रस्ते डझनांनी आहेत. 'महामार्ग ६१चा दुय्यम मार्ग' हे वाक्य जास्त मजेचे आहे, कारण ते रस्त्याविषयी आहे असे वाटते, पण असते नंबराविषयी. २०१० साली केंद्र सरकारने देशभरच्या महामार्गांचे नंबर नव्याने पाडले. उत्तर-दक्षिण जाणाऱ्यांना सम आकडे, पूर्व-पश्चिम जाणाऱ्यांना विषम, आणि फांद्यांना तीन आकडी नंबर: मूळ रस्त्याच्या नंबरापुढे एक, दोन, तीन. ६१ म्हणजे कल्याणच्या बाजूने अहमदनगर, परभणी, नांदेड, भोकर करत तेलंगणात निर्मलला जाणारा. त्याआधी त्याच रस्त्याला २२२ म्हणत. त्या ६१ची तिसरी फांदी म्हणून ३६१. तुळजापुरापासून बुटीबोरीपर्यंत अर्ध्या महाराष्ट्राला तिरका छेद देणारा रस्ता, पण कागदावर तो कुणाचा तरी धाकटा!

वेदान्तात याला एक सुंदर दृष्टान्त आहे. देवदत्ताचे घर कोणते? तर ते पाहा, ज्याच्यावर कावळा बसला आहे ते. कावळा घर दाखवतो, पण कावळा घराचा भाग नाही. कावळा उडाला तरी घर तिथेच राहते. याला तटस्थ लक्षण म्हणतात. वस्तूचे स्वरूप सांगणारे ते स्वरूप लक्षण, ते वेगळे. महामार्गाचा नंबर हा कावळा आहे. २०१०ला एक कावळा उडाला, दुसरा येऊन बसला. आमच्या नोंदीचा मथळा कावळा आहे, पहिले वाक्य कावळा आहे, दुसरे वाक्य हा कावळा कोणत्या कावळ्याचा, हे सांगते. घराविषयी फक्त ती गावांची माळ बोलते.

आणि इथे आम्हाला आमच्या मागच्या थट्टेतला पहिला शब्द मागे घ्यावा लागतो. ती माळ आम्ही 'नुसती यादी' म्हणून उडवून लावली होती. पण लक्षण म्हणून ती पाहा. लोहा आणि यवतमाळ या दोन्ही गावांतून जाणारा दुसरा राष्ट्रीय महामार्ग दाखवा. नाही. म्हणजे अतिव्याप्ती नाही. रस्ता जातो त्या मोठ्या गावांपैकी कुणी सुटले आहे का? फारसे नाही. ती सोळा नावे एवढे काम चोख करतात. इथल्या माणसाला विचारा की हा रस्ता कोणता. तो ३६१ म्हणणार नाही. नांदेडचा माणूस 'लातूर रोड' म्हणेल, लातूरचा 'नांदेड रोड' म्हणेल. एकच रस्ता, पण ज्याच्या पायाशी सुरू होतो त्याच्यासाठी त्याचे नाव दुसऱ्या टोकाचे. लोह्यातल्या माणसाला तर दोन्ही नावे वापरावी लागतात, तोंड कुठल्या बाजूला आहे त्यावर. फ्रेगे नावाच्या जर्मन तत्त्वज्ञाने शुक्राच्या पहाटचांदणी आणि सांजचांदणी या दोन नावांवरून अर्थ आणि निर्देश यांतला फरक समजावला होता. त्याला आकाशात बघावे लागले. लोह्याच्या स्टँडवर आला असता तरी भागले असते. शिवाय 'लातूर रोड' नावाचे चाकूर तालुक्यात एक रेल्वे जंक्शनही आहे, त्यामुळे हे नाव शोधणाऱ्याला रस्त्याऐवजी स्टेशन मिळण्याचा संभव जास्त.

ही झाली जमेची बाजू. आता उणे.

आधी वारंगा फाटा. नांदेडहून अर्धापूर सोडले की वारंगा फाटा येतो. गाव हिंगोली जिल्ह्यातले, कळमनुरी तालुक्यातले. तिथे रस्ता फुटतो: एक वाट हिंगोली, वाशीम, अकोल्याकडे, दुसरी हदगाव, उमरखेड, यवतमाळकडे. म्हणजे नांदेड ते वारंगा हा तुकडा एकाच वेळी महामार्ग १६१ही आहे आणि ३६१ही. दोन नंबर, एक डांबर. ज्याने नागपूरला जाताना वारंग्याला चहा घेतला नाही असा माणूस आमच्या पिढीत सापडणे अवघड. पण ते तालुक्याचे गाव नाही, म्हणून माळेत त्याचे नाव नाही. आणि ते नसल्यामुळे वाचणाऱ्याला कळतच नाही की हा रस्ता वाटेत हिंगोली जिल्ह्याला शिवून जातो. सरकारी निविदा याबाबतीत शहाण्या निघाल्या. चौपदरीकरणाचे काम तुकड्यातुकड्यांनी दिले गेले, त्यात चाकूर ते लोहा एक तुकडा, लोहा ते वारंगा दुसरा, वारंगा ते महागाव तिसरा. ठेकेदाराच्या कागदात लोहा हे सांध्याचे ठिकाण आहे, वारंगाही आहे. विश्वकोशापेक्षा निविदेला भूगोल जास्त कळला, हे आम्हाला जरा लागले.

दुसरे, नद्या. रस्ता नांदेडला गोदावरी ओलांडतो. हदगाव आणि उमरखेडच्या मध्ये पैनगंगा ओलांडतो, आणि तिथे मराठवाडा संपून विदर्भ लागतो. पुढे वर्धा नदी, तिच्या अलीकडे यवतमाळ जिल्हा, पलीकडे वर्धा. पैनगंगेच्या पुलावर नुसती नदी ओलांडली जात नाही. १९४८च्या सप्टेंबरपर्यंत अलीकडे निजामाचे राज्य होते आणि पलीकडे वऱ्हाड, म्हणजे तेव्हाचा मध्यप्रांत. अलीकडच्या शाळेत उर्दू, पलीकडच्या शाळेत मराठी-इंग्रजी. एकाच रस्त्याचे दोन भाग दोन राजवटींनी सांभाळले. निजामाच्या राज्यात तर १९३२ साली बसवाहतूक सुरू झाली ती रेल्वेखात्याच्या हाताखाली, अवघ्या सत्तावीस गाड्यांनी. नोंदीत 'इतिहास' असा मथळाच नाही. रस्ता जणू २०१० साली जन्मला.

तिसरे, रेल्वे. लोहा-अहमदपूरच्या लोकांना हे सांगायची गरज नाही, पण बाहेरच्या वाचकाला सांगितले पाहिजे की नांदेड आणि लातूर या दोन जिल्हा ठिकाणांमध्ये सरळ रेल्वेमार्ग नाही. गाडीने जायचे तर पूर्णा, परभणी, परळी, मग लातूर रोड असा वळसा. लोह्याला स्टेशन नाही, अहमदपूरला नाही. म्हणजे या पट्ट्यात आजाऱ्याने दवाखान्यात जायचे, पोराने कॉलेजला जायचे, सोयाबीनने मोंढ्यात जायचे, सगळे या एका रस्त्यानेच. एखाद्या महामार्गाविषयी सांगण्यासारखी याहून मोठी गोष्ट कोणती? समृद्धी महामार्गावरची नोंद पाहा, केवढी लांबलचक आहे. सातशे एक किलोमीटर, पूल किती, बोगदे किती, उद्घाटन कधी. तिथे रस्ता बातमी होता. इथे रस्ता सवय आहे, आणि सवयीची बातमी होत नाही.

चौथे, माळेगाव. याच लोहा तालुक्यात, याच रस्त्यावर खंडोबाची यात्रा भरते. मार्गशीर्षाच्या शेवटी घोडे, गाढवे, उंट, कुत्री, सगळ्यांचा बाजार. भटक्या जमातींच्या पंचायती तिथे बसत आल्या, लावणीचे फड लागतात. दक्षिणेतल्या मोठ्या यात्रांत तिची गणना होते. त्या दिवसांत या महामार्गावरची वाहतूक घोड्यांच्या चालीने चालते. तुळजापूरच्या टोकाला तर आश्विनात लोक रस्ता सोडून चालतच नाहीत; रस्ताभर माणसेच असतात, भवानीला पायी निघालेली. एका टोकाला तुळजाभवानी, मध्ये माळेगावचा खंडोबा, नांदेडला हुजूर साहिब, पुढे वर्ध्याजवळ सेवाग्राम. एवढे सगळे एका रस्त्याच्या काठाला असताना नोंदीत एकही नाही.

तर हे उणे. इथपर्यंत आलो आणि आमचा विद्यार्थी पुन्हा म्हणाला, "सर, मग लिहा की. ती नोंद कुणालाही बदलता येते."

लिहायला बसलो. आणि खरी परीक्षा तिथे झाली, नोंदीची नव्हे, आमची.

आम्हाला पहिले वाक्य लिहायचे होते साधेच: हा रस्ता पूर्वी राज्य महामार्ग होता, अमुक साली राष्ट्रीय झाला. तुम्हाला माहीत असेल, राज्य महामार्गाच्या मैलाच्या दगडाचे डोके हिरवे असते, राष्ट्रीय महामार्गाचे पिवळे. लोह्याच्या अलीकडच्या एका दगडाचे डोके हिरव्याचे पिवळे झालेले आम्ही डोळ्यांनी पाहिले आहे. साल? साल पक्के आठवत होते. इतके पक्के, की आम्ही ते टाईपही केले. पण संदर्भाच्या जागी काय लिहायचे? 'आम्ही पाहिले' हे तिथे चालत नाही. स्वतः केलेले संशोधन नको, असा त्यांचा नियम आहे. म्हणून सहज तीन समवयस्कांना फोन केले. तिघे या रस्त्याने आयुष्यभर ये-जा केलेले. तिघांनी तीन साले सांगितली, आणि तिघेही आमच्याइतकेच ठाम! एकाने तर पुरावा म्हणून आपल्या मुलीच्या लग्नाची तारीख दिली. दुसऱ्याने त्याच मुलीचे लग्न वेगळ्या साली झाल्याचे सांगितले.

हसू नका. चार म्हातारे, चार साले, एक दगड. आम्ही टाईप केलेले वाक्य पुसून टाकले.

न्यायदर्शनात ज्ञानाची चार साधने मानली आहेत: प्रत्यक्ष, अनुमान, उपमान आणि शब्द. शब्द म्हणजे विश्वासू माणसाचे, आप्ताचे सांगणे. आप्त कोण? ज्याने गोष्ट खरी जाणली आहे आणि जो ती जशी आहे तशी सांगू इच्छितो. विकिपीडियाने एक विलक्षण गोष्ट केली आहे. चारांपैकी तीन साधने दाराबाहेर ठेवली आणि फक्त शब्द आत घेतला; तोही छापील शब्द, तोही तिऱ्हाइताचा. आम्ही दोन वर्षांपूर्वी याच नियमावर तोंडसुख घेतले होते. दिदरोची आठवण काढली होती. अठराव्या शतकात फ्रेंच विश्वकोश रचताना तो कारागिरांच्या कार्यशाळांत गेला, त्यांच्याशी बोलला, यंत्रे पाहिली, मग लिहिले. आणि हे आजचे लोक म्हणतात की पाहिलेले लिहू नका! पण त्या दगडाने आमची जीभ आवरली. आमचे प्रत्यक्ष खरे होते, डोके पिवळे झाले हे खरेच आहे. स्मृती मात्र खोटी ठरली, निदान चौघांपैकी तिघांची तरी. आणि न्यायवाले स्मृतीला प्रमाणात धरतच नाहीत, हे आम्ही दरवर्षी जूनमध्ये नव्या वर्गाला सांगत आलो होतो. पाहणारा आणि सांगणारा यांच्यामध्ये वर्षे गेली की प्रत्यक्षाची स्मृती होते, आणि आपल्याला त्याचा पत्ताही लागत नाही.

तेव्हा दुसरा शब्द मागे. ती नोंद गरीब आहे, पण खोटी नाही. तिच्यात एक वाक्य असे नाही की ज्याच्यामागे कागद नाही. आपल्या रस्त्याविषयी मोबाईलवर फिरणारे मजकूर पाहा, म्हणजे या गुणाची किंमत कळेल. त्यात हा रस्ता कधी निजामाने बांधलेला असतो, कधी यादवांनी, कधी थेट राष्ट्रकूटांनी, कारण कंधारचा किल्ला जवळ आहे! रंगतदार असते वाचायला.

पण इथेच थांबलो तर तो विद्यार्थी पुन्हा फोन करील. कारण नियम निर्दोष आहे असे म्हणून चालणार नाही. हा नियम सगळ्या जगाला सारखा लागू केला की त्याचा परिणाम सारखा होत नाही.

अमेरिकेतल्या मिशिगन राज्यात मॅकिनॉ नावाचे एक बेट आहे. त्याच्याभोवती फिरणारा एक राज्य महामार्ग आहे, एम-१८५. लांबी तेरा किलोमीटरच्या आसपास, म्हणजे लोह्याहून निघालो तर सोनखेड तरी येते की नाही कुणास ठाऊक. त्या महामार्गावर मोटारींना बंदी आहे. सायकली आणि घोडागाड्या चालतात. त्याच्यावरची नोंद वाचा: इतिहास, वर्णन, नकाशा, संदर्भांची रांग. उत्तम नोंद आहे, आम्ही ती आवडीने वाचली. आणि मनात आले, घोडे तर आमच्या माळेगावातही आहेत!

तिथे अशी नोंद का होते? तिथल्या रस्तेखात्याचे जुने नकाशे वर्षावर्षाचे सापडतात, जुनी वर्तमानपत्रे संगणकावर शोधता येतात, आणि रस्त्यांवर जीव टाकणारे हौशी लोक शेकड्यांनी आहेत. त्यांच्यातही पुढे वाद झाले, नकाशा हा पुरेसा संदर्भ मानायचा का, किरकोळ रस्त्यांना स्वतंत्र नोंद हवी का; आणि २०२३ साली त्यांच्यातले बरेच जण विकिपीडिया सोडून आपला वेगळा रस्त्यांचा कोश मांडून बसले. म्हणजे भरल्या घरातही भांडणे आहेत. पण ते भरल्या घरचे भांडण.

मीमांसकांनी आणि वेदान्त्यांनी आणखी एक प्रमाण मानले आहे, अनुपलब्धी. टेबलावर घडा नाही, हे मला कसे कळते? घडा दिसत नाही यावरून. पण त्यांनी एक अट घातली, आणि सगळी अक्कल त्या अटीत आहे. न दिसणे हे 'योग्य' पाहिजे. म्हणजे उजेड आहे, डोळे ठीक आहेत, घडा असता तर दिसलाच असता, आणि तरी दिसत नाही. तेव्हाच 'नाही' म्हणा. अंधाऱ्या खोलीत दिसत नाही म्हणून घडा नाही असे म्हणणारा शहाणा नव्हे.

मिशिगनमध्ये एखाद्या रस्त्याविषयी लेखी काही सापडत नसेल तर बहुधा सांगण्यासारखे काही नसेल. तिथे उजेड आहे. आमच्या रस्त्याविषयी सापडत नाही, त्याचा अर्थ तसा लावता येणार नाही. इथली जुनी साप्ताहिके कुणाच्या तरी माळ्यावर पोत्यात आहेत. निजामकाळातले कागद फारसी-उर्दूत, आणि ते वाचणारे हात दरवर्षी कमी होतात. विकिपीडियाचा नियम 'संदर्भ नाही' एवढेच म्हणतो, 'गोष्ट नाही' असे म्हणत नाही. पण वाचणारा मात्र कोरी जागा पाहून गोष्टच नाही असे समजतो. या चुकीला नियम जबाबदार नाही, वाचक थोडा आहे, आणि सगळ्यात जास्त जबाबदार आहोत तुम्ही-आम्ही, दिवा न लावणारे.

इथे एक खाजगी गोष्ट सांगतो. आमच्या गल्लीत एक एसटीचे चालक राहत. नाव सांगत नाही, घरच्यांना आवडायचे नाही. त्यांची बहुतेक नोकरी नांदेड-लातूर याच फेरीवर गेली. कोणत्या वळणावरची चिंच कधी तोडली, कोणत्या पुलावरून पावसाळ्यात किती दिवस पाणी जायचे, किल्लारीच्या भूकंपानंतर, ब्याण्णव नव्हे, त्र्याण्णवच्या सप्टेंबरात, या रस्त्याने लातूरकडे कोणत्या गाड्या कशा गेल्या, सगळे त्यांना पाठ. रोज संध्याकाळी ओट्यावर बसून सांगत. आम्ही ऐकत असू. खरे सांगायचे तर निम्मे ऐकत असू, कारण हातात कांट असे. मागच्या पावसाळ्यात ते गेले. त्यांच्या बोलण्यातली एक ओळ आम्ही लिहून ठेवलेली नाही. आता ती चिंच कुठे होती हे विचारायला कुणी नाही, आणि चौपदरीत ते वळणच राहिले नाही. (पाहा, आताही साल चुकत होतो; भूकंपाचे साल तरी छापलेले आहे म्हणून सुधारता आले.)

त्यांचे बोलणे विकिपीडियाने घेतले असते का? थेट नाही. पण एखाद्या दिवाळी अंकात, जिल्ह्याच्या वर्तमानपत्रात, विद्यापीठाच्या एखाद्या पुस्तकात ते छापून आले असते, कुणीतरी त्यांचे सांगणे दुसऱ्या दोन चालकांच्या सांगण्याशी ताडून पाहिले असते, तर तो संदर्भ झाला असता. आमचे स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ विष्णुपुरीला आहे, म्हणजे याच रस्त्यावर. १९९४पासून तिथे हजारो पोरे याच रस्त्याने येऊन शिकून गेली. रस्ता त्यांच्या वर्गाच्या बाहेर उभा आहे. प्रबंधाचा विषय शोधायला दूर कशाला जायचे? हे आम्ही स्वतःलाही ऐकवतो. आमच्या हाताखाली झालेल्या प्रबंधांत शंकराचार्य आहेत, कांट आहे, रस्ता एकही नाही.

आणि अंधार म्हणतो, पण तो अगदी मिट्ट नाही. महाराष्ट्र शासनाने नांदेड जिल्ह्याचे गॅझेटियर १९७१ साली छापले, उस्मानाबादचे त्याच सुमारास. लातूर जिल्हा १९८२ साली उस्मानाबादेतून निघाला, त्यामुळे लातूरच्या बाजूचा जुना रस्ता उस्मानाबादच्या पुस्तकात शोधावा लागतो. ही एक गोष्ट माहीत नसली तर माणूस रिकाम्या हाताने परत येतो. या गॅझेटियरांत दळणवळणावर स्वतंत्र प्रकरण असते, रस्त्यारस्त्याची माहिती असते. म्हणजे दगडाचे डोके पिवळे होण्याआधी या रस्त्याची स्थिती काय होती, याचे छापील, तिऱ्हाइताचे, पडताळता येणारे सांगणे ग्रंथालयात उभे आहे. पन्नास वर्षे उभे आहे. नोंद लिहिणाऱ्याने ते पाहिले नाही, म्हणून आम्ही त्याला हसलो. आम्हीही पाहिले नव्हते.

तर आता निकाल. दर्जा विचाराल तर आम्ही ती नोंद 'खुंट' या पायरीवरच ठेवतो, वर चढवत नाही. इतिहास नाही, नद्या नाहीत, फाटा नाही, माणसे नाहीत. व्याप्तीत ती नापास आहे. पडताळणीत पास आहे, आणि आम्ही मागे दिलेल्या शेऱ्यापेक्षा बऱ्या गुणांनी. एसटीच्या पाटीची उपमा मात्र राहू द्या; पण तिचा अर्थ बदलून वाचा. पाटी खोटे बोलत नाही. लोहा लिहिले असेल तर गाडी लोह्याला थांबते.

शब्दांकन करणाऱ्यांना आमची एक विनंती आहे. मागच्या व्याख्यानातली ती थट्टा पुसू नका. ती तशीच ठेवा आणि तिच्याखाली आजचा मजकूर जोडा, तारखेसह. आम्ही पुढच्या महिन्यात ग्रंथालयात जाऊन दळणवळणाचे ते प्रकरण उतरवून आणतो. डोळ्यांचे ऑपरेशन झाले आहे, बारीक टाईप वाचवत नाही, तेव्हा कुणी तरुण बरोबर आले तर बरे होईल. आणि ज्यांच्या घरी एसटीतून निवृत्त झालेले कुणी असेल त्यांनी सभा संपल्यावर जरा थांबा, नाव-पत्ता लिहून घ्यायचा आहे. वही आणली आहे.